कुत्री-मांजरीची नसबंदी : नेमकी केव्हा?

घरात कुत्रीचे पिल्लू आले की पहिले दोन-तीन महिने नुसत्या कौतुकात जातात. चपला कुरतडणे, पायपुसण्यावर घाण करणे, रात्री रडणे या सगळ्यांच्या तक्रारीसुद्धा हसतहसतच होतात. मग ते पिल्लू चार-पाच महिन्यांचे होते आणि एक दिवस जेवताना प्रश्न निघतो : हिचे ऑपरेशन करायचे का? आणि करायचे तर केव्हा?

‘करायचे का’ याचे उत्तर बहुतेक घरांत लवकर मिळते. दोन खोल्यांच्या घरात कुत्री आणि तिची पाच-सहा पिल्ले मावत नाहीत, हे सांगायला शास्त्रज्ञ लागत नाही. ‘केव्हा’ मात्र अवघड. शेजारच्या काकू म्हणतात, “एकदा तरी व्यायला हवी, नाहीतर आजारी पडते.” जवळच्या दवाखान्यातले पशुवैद्य सांगतात, “सहा महिन्यांची झाली की घेऊन या.” मामांच्या ओळखीचे दुसरे डॉक्टर म्हणतात, “घाई नको, वर्ष-सव्वा वर्ष जाऊ द्या.” दोन डॉक्टरांनी दोन वेगळ्या गोष्टी सांगितल्या, म्हणजे त्यांतले एक चुकत असले पाहिजेत असे आपल्याला वाटते. पण दोघेही बरोबर असू शकतात. एकाच्या डोळ्यांपुढे पॉमेरेनियन असेल आणि दुसऱ्याच्या डोळ्यांपुढे लॅब्राडोर! काकूंचे मात्र बरोबर नाही. एकदा विल्याने कुत्रीची प्रकृती सुधारते याला काहीही पुरावा नाही.

हे सगळे नीट समजायचे तर आधी या ऑपरेशनात काय करतात ते पाहिले पाहिजे.

‘नसबंदी’ हा शब्द आपण माणसांच्या ऑपरेशनावरून उचलला आहे आणि तो थोडा फसवा आहे. माणसांच्या नसबंदीत नळी बांधतात किंवा कापतात. ग्रंथी जागच्या जागी राहतात आणि आपले काम चालू ठेवतात. कुत्री-मांजरींत तसे करत नाहीत. मादीच्या पोटात मूत्रपिंडांच्या थोडे मागे दोन अंडाशय असतात. बेचकीच्या दोन फांद्यांसारखी गर्भाशयाची दोन शिंगे तिथून निघून मागे एकत्र येतात. आपल्याकडे सहसा दोन्ही अंडाशय आणि गर्भाशय काढून टाकतात. युरोपातल्या काही देशांत नुसते अंडाशय काढण्याची पद्धत आहे. काहीही केले तरी अंडाशय जातात, हे महत्त्वाचे. म्हणून नगरपालिकांच्या कागदपत्रांत येणारा ‘निर्बीजीकरण’ हा शब्द जास्त नेमका आहे. बोलताना तो जड वाटतो, म्हणून आपण ‘नसबंदी’च म्हणू.

अंडाशयात बीजांडे तर तयार होतातच, पण शिवाय दोन महत्त्वाची संप्रेरके तयार होतात : ईस्ट्रोजेन आणि प्रोजेस्टेरॉन. संप्रेरक म्हणजे रक्तातून शरीरभर फिरणारा रासायनिक निरोप. हा निरोप फक्त गर्भाशयालाच मिळतो असे नाही. स्तनांना मिळतो, हाडांना मिळतो, लघवी रोखून धरणाऱ्या स्नायूंना मिळतो, भुकेवरही त्याचा परिणाम होतो. अंडाशय काढले की हे सगळे निरोप एकदम बंद होतात. त्यांतले काही बंद झाल्याने फायदा होतो, तर काही फार लवकर बंद झाले तर तोटा होतो. ‘केव्हा’ हा प्रश्न सगळा इथून सुरू होतो.

माज म्हणजे काय?

लहान जातीची कुत्री साधारण सहा ते दहा महिन्यांची असताना पहिल्यांदा माजावर येते. मोठ्या जातींत हे वर्षाने, कधी दीड वर्षानेही होते. माज सुरू झाला की मागचा भाग सुजतो आणि रक्ताचे थेंब पडू लागतात. पुष्कळ लोक याला कुत्रीची ‘पाळी’ म्हणतात. ते चूक आहे. स्त्रियांमध्ये गर्भधारणा न झाल्यामुळे गर्भाशयाचे अस्तर सुटते तेव्हा पाळी येते. म्हणजे ती एका चक्राची अखेर असते. कुत्रीतले रक्त ही चक्राची सुरुवात असते. गर्भाशय तयारीला लागलेले असते.

या गैरसमजातून एक मोठा घोटाळा होतो. पहिले सुमारे नऊ दिवस नर मागे लागतात, पण कुत्री त्यांना हुसकावून लावते. मग रक्त फिके होते, थांबत येते. घरातले लोक म्हणतात, “चला, संपले एकदाचे!” आणि फाटक उघडे राहते. खरे तर गर्भ राहण्याचे दिवस नेमके तेव्हा सुरू होतात आणि आणखी सुमारे नऊ दिवस चालतात. त्यानंतर ६३ दिवसांच्या आसपास पिल्ले होतात. म्हणजे माजावर आलेल्या कुत्रीला साधारण तीन आठवडे डोळ्यांत तेल घालून सांभाळावे लागते. हे तीन आठवडे लक्षात ठेवा, पुढच्या हिशेबात ते लागणार आहेत.

माज संपल्यानंतर कुत्रीच्या शरीरात एक विलक्षण गोष्ट घडते. स्त्रीच्या शरीरात गर्भ राहिला नाही तर प्रोजेस्टेरॉन दोन आठवड्यांत खाली येते. कुत्रीत गर्भ राहो वा न राहो, प्रोजेस्टेरॉन सुमारे दोन महिने चढलेलेच राहते. जणू शरीराला गर्भ नाही याचा पत्ताच लागत नाही. म्हणूनच काही कुत्र्या पिल्ले नसताना जागा उकरून घरटे करतात, एखादी चिंधीची बाहुली पोटाशी घेऊन बसतात, त्यांना दूधसुद्धा येते. याला खोटी गर्भावस्था म्हणतात. बघणाऱ्याला वाईट वाटते, पण बहुधा ती आपोआप ओसरते.

त्याच दोन महिन्यांत दुसरे काहीतरी घडू शकते आणि ते मात्र ओसरत नाही.

गर्भाशयातला पू

प्रोजेस्टेरॉन गर्भाशयाचे अस्तर जाड करते, त्यातल्या ग्रंथींना स्राव करायला लावते, गर्भाशयाचे तोंड मिटवते आणि तिथली जंतूंशी लढण्याची ताकद कमी करते. हे सगळे येणाऱ्या गर्भासाठी असते. पण माजाच्या दिवसांत तोंड उघडे असताना आतड्यात नेहमी राहणारे ई. कोलाय जंतू आत शिरलेले असले, तर त्यांना उबदार, ओलसर आणि बंद खोली मिळते. त्यांची वाढ होऊन गर्भाशयात पू साठतो. दर माजाला अस्तर पुन्हा जाड होते, म्हणून वय वाढते तसा धोकाही वाढतो.

लक्षणे माजानंतर एक-दोन महिन्यांनी दिसतात. कुत्री खूप पाणी पिते, वारंवार लघवी करते, जेवत नाही, ओकते, मलूल पडून राहते. कधी मागून पू येतो, कधी गर्भाशयाचे तोंड घट्ट मिटल्यामुळे काहीच येत नाही, आणि हा दुसरा प्रकार जास्त घातक असतो. असे दिसले तर ‘उद्या बघू’ म्हणू नये; त्याच दिवशी दवाखाना गाठावा. उपाय बहुधा तोच असतो : अंडाशय आणि गर्भाशय काढणे. फक्त आता तो निरोगी कुत्रीवर नव्हे, तर विषबाधा झालेल्या आजारी कुत्रीवर करावा लागतो.

हा आजार किती जणींना होतो? स्वीडनमध्ये निरोगी कुत्रीची नसबंदी करण्याची चाल पूर्वी नव्हती. शिवाय तिथे पुष्कळ कुत्र्यांचा विमा उतरवलेला असतो, त्यामुळे नोंदी चांगल्या मिळतात. त्या नोंदींवरून असे दिसले, की वयाच्या दहा वर्षांपर्यंत जवळजवळ चारांपैकी एका कुत्रीला हा आजार होतो. चारांत एक हे प्रमाण थोडे नव्हे. म्हणून ‘केव्हा’वर कितीही वाद असला, तरी ‘कधीच नाही’ हे उत्तर पशुवैद्यांना सहसा पटत नाही. नसबंदी सहाव्या महिन्यात करा की दुसऱ्या वर्षी करा, या आजारापासून दोन्हींत जवळपास सारखेच संरक्षण मिळते, कारण तो मुख्यतः मध्यम आणि उतारवयाचा आजार आहे.

माज थांबवण्याची इंजेक्शनेही मिळतात, मग ऑपरेशन कशाला, असे कोणी विचारील. ही इंजेक्शने म्हणजे प्रोजेस्टेरॉनचीच भावंडे असतात. वर सांगितलेला सगळा प्रकार ती बाहेरून घडवून आणतात. स्वस्त उपाय म्हणून ती टोचून घेणे शहाणपणाचे नाही.

आकडा वाचायचा कसा?

मग ‘पहिल्या माजाच्या आधीच करा’ असा आग्रह का धरतात? त्याचे मूळ १९६९ साली कॅलिफोर्नियात प्रसिद्ध झालेल्या एका संशोधनात आहे. विषय होता कुत्रीच्या स्तनांतल्या गाठी. म्हाताऱ्या कुत्र्यांत या गाठी पुष्कळ आढळतात आणि त्यांतल्या निम्म्याच्या आसपास कर्करोगाच्या असतात. संशोधकांनी सांगितले, की नसबंदी न केलेल्या कुत्रीच्या तुलनेत पहिल्या माजाआधी नसबंदी झालेल्या कुत्रीला कर्करोगाचा धोका ०.५ टक्के, एका माजानंतर झालेलीला ८ टक्के आणि दोन किंवा अधिक माजांनंतर झालेलीला २६ टक्के असतो.

हे तीन आकडे तेव्हापासून दवाखान्यांच्या भिंतींवर आणि पुस्तकांत फिरत आहेत. आता ते पुन्हा एकदा वाचा. पुष्कळ लोक त्यांचा अर्थ असा घेतात, की दोन माज होऊ दिले तर शंभरातल्या २६ कुत्र्यांना कर्करोग होणार. तसे मुळीच नाही. ‘च्या तुलनेत’ हे शब्द फार महत्त्वाचे आहेत.

कागद-पेन्सिल घ्या. समजा, नसबंदी न केलेल्या १०० कुत्र्यांपैकी १० जणींना हा रोग होतो. (हा आकडा हिशेबाच्या सोयीसाठी घेतला आहे, खरे प्रमाण जातीनुसार आणि वयानुसार बदलते.) मग दोन माजांनंतर नसबंदी झालेल्या १०० कुत्र्यांत किती जणींना होईल? दहाचे २६ टक्के, म्हणजे २.६. एका माजानंतर दहाचे ८ टक्के, म्हणजे ०.८. आणि माजाआधी, दहाचे अर्धा टक्का, म्हणजे ०.०५. ‘आठ टक्के आणि अर्धा टक्का’ यांत सोळापटींचा फरक दिसतो, पण प्रत्यक्ष कुत्र्या मोजल्या तर आपल्या हिशेबात शंभरामागे एकीचाही फरक पडत नाही. दोन्ही विधाने खरीच आहेत. पहिल्याने मात्र माणूस घाबरतो आणि दुसऱ्याने विचार करतो. वर्तमानपत्रात ‘धोका दुप्पट’ असे वाचाल तेव्हा ‘कशाच्या दुप्पट?’ असे विचारायची सवय लावून घ्या.

पुढे २०१२ साली लंडनच्या रॉयल व्हेटर्नरी कॉलेजमधल्या संशोधकांनी या विषयावरचे तोपर्यंतचे अभ्यास गोळा करून तपासले. त्यांचा निष्कर्ष असा, की नसबंदीमुळे या गाठींपासून संरक्षण मिळते याचा पुरावा कच्चा आहे. त्यावरून ठाम सल्ला देणे योग्य नाही. याचा अर्थ संरक्षण मिळत नाही, असा नव्हे. ते मिळत असावे, पण किती मिळते हे जितक्या छातीठोकपणे सांगितले जाते, तितके ते पक्के नाही.

हाडांची गोष्ट

आता तराजूच्या दुसऱ्या पारड्याकडे वळू. तुमच्या मांडीच्या हाडाच्या दोन्ही टोकांजवळ कूर्चेची एकेक चकती आहे. कूर्चा म्हणजे कानाच्या पाळीत लागते तशी मऊ, लवचीक वस्तू. या चकतीत नव्या पेशी तयार होत राहतात, त्यांचे हाड बनते आणि हाड लांब होते. वयात आल्यावर ईस्ट्रोजेनचा निरोप पोचतो, की आता थांबा. चकतीचे हाड होऊन जाते आणि उंची वाढायची थांबते. कुत्र्यांतही हेच होते. लहान जातींत चकत्या वर्षाच्या आतच मिटतात, मोठ्या जातींत वर्ष ते दीड वर्ष लागते.

अंडाशय फार लवकर काढले तर ‘थांबा’ हा निरोप येतच नाही. चकत्या उशिरा मिटतात आणि पायांची हाडे थोडी जास्त लांब होतात. तसे पाहिले तर हा फरक डोळ्यांना कळतसुद्धा नाही. पण सगळी हाडे एकाच दिवशी वाढायची थांबत नाहीत. गुडघ्याच्या वरचे हाड थांबलेले आणि खालचे अजून वाढते आहे, असे झाले तर सांध्याचे कोन किंचित बदलतात. आठ किलोच्या कुत्रीला ते जाणवणार नाही. पस्तीस किलोची कुत्री धावता धावता वळली, की सगळा भार त्या गुडघ्यावर येतो.

कॅलिफोर्निया विद्यापीठाच्या डेव्हिस येथील संशोधकांनी २०१३ साली ७५९ गोल्डन रिट्रिव्हर कुत्र्यांच्या नोंदी तपासल्या. नसबंदी न केलेल्यांत गुडघ्याचा अस्थिबंध तुटल्याची एकही नोंद नव्हती. वर्षाच्या आत नसबंदी झालेल्या नरांत ५ टक्के आणि माद्यांत ८ टक्के नोंदी होत्या. पुढे २०२० साली त्यांनी ३५ जातींचा आढावा घेतला. लॅब्राडोर, जर्मन शेफर्ड अशा मोठ्या जातींत लवकर नसबंदीबरोबर सांध्यांचे आजार वाढलेले दिसले. लहान जातींत वाढले नव्हते. गंमत म्हणजे ग्रेट डेन हा कुत्रा वासराएवढा असूनही त्याच्यातही ही वाढ दिसली नाही. का, ते उलगडलेले नाही. मिश्र जातीच्या कुत्र्यांसाठी त्यांनी वजनाची रेघ सुचवली : मोठेपणी २० किलोंच्या वर जाणाऱ्या कुत्र्याला वर्षभर थांबणे बरे.

या अभ्यासाला मर्यादा आहेत. या नोंदी एका मोठ्या रुग्णालयातल्या आहेत, आणि रुग्णालयात आजारीच प्राणी जास्त येतात. आपला कारवानी किंवा मुधोळ त्या ३५ जातींत नव्हता. तरीही वजनाची रेघ उपयोगी आहे.

गल्लीतून उचलून आणलेले पिल्लू मोठेपणी किती किलोंचे होईल, हे कसे ओळखावे? मध्यम बांध्याचे पिल्लू चार महिन्यांचे असताना त्याचे वजन मोठेपणच्या वजनाच्या निम्म्याच्या आसपास असते. पिल्लाला उचलून वजनकाट्यावर उभे राहा, मग एकटे उभे राहा. वजाबाकी करा आणि उत्तराची दुप्पट करा. आपली गावठी कुत्री बहुधा पंधरा-वीस किलोंच्या आसपास भरते. म्हणजे रेघेच्या अलीकडे किंवा अगदी रेघेवर.

याच पारड्यात आणखी एक लहान वजन पडते. नसबंदी झालेल्या काही कुत्र्यांना, विशेषतः मोठ्या बांध्याच्या, पुढे झोपेत लघवी सुटण्याचा त्रास होतो. फार कोवळ्या वयात ऑपरेशन केले तर तो जास्त संभवतो. त्यावर औषध आहे, आणि या त्रासाने कुत्री दगावत नाही. पण घरात गादीवर झोपणारी कुत्री असेल तर आईचे मत विचारायला हवे!

थोडे नरांविषयी. त्यांची शस्त्रक्रिया सोपी असते, पोट उघडावे लागत नाही. त्यांना गर्भाशयाच्या आजाराचे भय नाही, म्हणून मोठ्या जातीच्या नराच्या बाबतीत थांबण्यात फारसे बिघडत नाही.

मांजरीचे गणित वेगळे

आतापर्यंत सांगितलेले जवळजवळ सगळे विसरून मांजरीकडे वळा. मांजर म्हणजे छोटी कुत्री नव्हे.

मांजरीचा माज दिवसाच्या लांबीवर अवलंबून असतो. दिवस मोठा झाला, की डोळ्यांत शिरणाऱ्या प्रकाशावरून मेंदूला ते कळते आणि अंडाशय जागे होतात. उत्तर युरोपात हिवाळ्यातला दिवस सहा-सात तासांचा असतो, तेव्हा तिथल्या मांजरी काही महिने शांत राहतात. मुंबईत सर्वांत लहान दिवससुद्धा अकरा तासांचा असतो, आणि वर घरात रात्री अकरापर्यंत दिवे! त्यामुळे आपल्या मांजरींना अशी सुटी फारशी मिळत नाही. शिवाय मांजरीचे बीजांड ठरावीक दिवशी सुटत नाही. बोक्याशी संग झाल्यावर सुटते. मग नेम चुकणार कसा? संग झाला नाही तर दोन-तीन आठवड्यांनी ती पुन्हा माजावर येते, पुन्हा रात्रभर ओरडते, पुन्हा गॅलरीतून उडी मारायला बघते.

सर्वांत महत्त्वाचे म्हणजे वय. मांजरी चार महिन्यांच्यासुद्धा माजावर येऊ शकतात. जी अजून आपल्या शेपटीमागे फिरते आणि लोकरीच्या गुंड्याशी खेळते, ती मांजर दोन महिन्यांनी आई झालेली असते. पिल्ले अंगावर पीत असतानाच ती पुन्हा गाभण राहू शकते. ‘सहा महिन्यांची झाली की बघू’ म्हणणाऱ्या घरांत पहिली वीण अशीच होते.

स्तनांच्या गाठींचे पारडेही इथे जड आहे. मांजरींत या गाठी कुत्र्यांपेक्षा कमी होतात, पण झाल्या तर दहांपैकी आठ-नऊ कर्करोगाच्या निघतात. २००५ सालच्या एका अमेरिकी अभ्यासात सहा महिन्यांच्या आत नसबंदी झालेल्या मांजरींत हा धोका ९१ टक्क्यांनी कमी आढळला, वर्षाच्या आत झालेल्यांत ८६ टक्क्यांनी. उलट पारड्यात हाडांचे वजन नगण्य आहे. चार किलोंच्या प्राण्याच्या गुडघ्यावर येऊन येऊन भार तो किती येणार? म्हणून मांजरीसाठी पशुवैद्य हल्ली पाच महिन्यांच्या आत, असे सांगतात, आणि इथे त्यांच्यात फारसा वाद नाही.

भाद्रपद आणि फाटक

कुत्रीच्या बाबतीत मात्र शेवटचा निर्णय दवाखान्यात होत नाही, तुमच्या घराकडे पाहून होतो. भाद्रपद लागला, की गल्लीतली कुत्री कशी वागू लागतात, हे आपल्या आजी-आजोबांना कोणत्याही पुस्तकावाचून ठाऊक होते. पाश्चात्त्य जातींच्या कुत्र्या वर्षाच्या कोणत्याही महिन्यात माजावर येतात. आपल्या मोकाट कुत्र्यांचा हंगाम मात्र मुख्यतः पावसाळ्याच्या अखेरीस असतो आणि पिल्ले थंडीच्या सुमारास दिसू लागतात.

समजा तुमच्याकडे लॅब्राडोर कुत्री आहे. तिच्या सांध्यांसाठी वर्ष-सव्वा वर्ष थांबणे चांगले. पण थांबायचे तर मध्ये एक माज येणार आणि ते तीन आठवडे कोणीतरी सांभाळायचे. घर तिसऱ्या मजल्यावर असेल, दार बंद राहत असेल, फिरवताना साखळी मोठ्या माणसाच्या हातात असेल, तर हे जमेल. घराला मोकळे अंगण असेल, कुंपणाला भोक असेल, आई-बाबा दिवसभर कामावर आणि तुम्ही शाळेत असाल, तर जमणार नाही. अशा घरात सांध्यांचा थोडा धोका पत्करून पहिल्या माजाआधी नसबंदी करणे, हेच मला बरे वाटते. संभाव्य दुखऱ्या गुडघ्यापेक्षा नक्की होणारी सहा पिल्ले हा मोठा प्रश्न आहे.

“पिल्ले देऊन टाकू की!” असे कोणी म्हणेल. द्यायची कोणाला? पहिली दोन लोक हौसेने नेतात. उरलेली पोत्यातून मासळीबाजारापाशी किंवा एखाद्या देवळामागे पोचतात. कोलकात्याजवळच्या संशोधकांनी मोकाट कुत्र्यांच्या ३६४ पिल्लांवर जन्मापासून लक्ष ठेवले. त्यांचे निष्कर्ष २०१६ साली प्रसिद्ध झाले. वयात येईपर्यंत त्यांतली फक्त १९ टक्के जगली. मेलेल्यांपैकी निम्म्याहून जास्त पिल्लांच्या मृत्यूला या ना त्या प्रकारे माणूस कारण झाला होता.

पॉमेरेनियन, पग किंवा तशाच लहान कुत्रीच्या बाबतीत इतका खल करायला नको. सहा महिन्यांच्या सुमारास, पहिल्या माजाआधी, हा जुना सल्ला तिच्यासाठी आजही ठीक आहे. गावठी कुत्रीसाठी वजन पाहा, फाटक पाहा आणि ठरवा. शंका असेल तर लवकर करा.

दवाखान्यात जाताना

कुत्री नुकतीच माजावर येऊन गेली असेल, तर लगेच ऑपरेशन करू नये. तेव्हा गर्भाशयाच्या रक्तवाहिन्या फुगलेल्या असतात आणि रक्तस्राव जास्त होतो. शिवाय चढलेले प्रोजेस्टेरॉन एकाएकी पडले तर खोटी गर्भावस्था सुरू होऊ शकते. दोन-तीन महिने जाऊ देणे चांगले. म्हणून माज सुरू झाल्याची तारीख कॅलेंडरवर लिहून ठेवा. डॉक्टर पहिला प्रश्न तोच विचारतील. मांजरीच्या बाबतीत असे थांबत बसू नये, कारण तेवढ्यात ती गाभण राहील.

भूल देण्यापूर्वी पोट रिकामे लागते, नाहीतर ओकारी श्वासनलिकेत जाऊ शकते. पण लहान पिल्लाला रात्रभर उपाशी ठेवू नका. त्याच्या रक्तातली साखर चटकन उतरते. किती तास उपाशी ठेवायचे ते डॉक्टरांनाच विचारा. टाके दहा-चौदा दिवस राहतात आणि तोवर त्यांना चाटू द्यायचे नाही. गळ्यात घालतात ते नरसाळ्यासारखे पुठ्ठ्याचे किंवा प्लॅस्टिकचे कडे त्यासाठीच असते. ते पाहून हसू आले तरी काढू नका.

पुढच्या काही आठवड्यांत भूक वाढेल, पण शरीराची गरज मात्र कमी झालेली असेल. ‘नसबंदी केली की जनावर लठ्ठ होते’ असे जे म्हणतात, ते यामुळे. लठ्ठ होते ते आपण पूर्वीइतकीच, किंवा दयेपोटी थोडी जास्तच, पोळी घालतो म्हणून. रोजच्या खाण्यात चौथाई-पाचवा हिस्सा कमी करावा आणि महिन्याला एकदा वजन करावे. वजाबाकीची रीत आता तुम्हांला आलीच आहे.

आणि दारात येणाऱ्या, तुम्ही पोळी घालता त्या रस्त्यावरच्या कुत्रीचे काय? मोकाट कुत्र्यांच्या नसबंदीसाठी भारत सरकारने २००१ साली नियम केले आणि २०२३ साली त्यांच्या जागी नवे नियम आणले. नसबंदी झालेल्या कुत्र्याच्या कानाला भूल असतानाच एक लहानशी खाच पाडतात, म्हणजे लांबूनही ओळखता येते. खूण नजरेआड झाल्याने अशा कुत्रीचे पोट विनाकारण दुसऱ्यांदा उघडले जाऊ शकते. तेव्हा तिला दवाखान्यात पोचवण्याआधी तिचे दोन्ही कान नीट पाहून घ्या.